तारा नसलेला खटका

मी तीस वर्षे हायस्कूलमध्ये मराठी शिकवले. कवितेत भूत आले तर त्या कवितेचे वृत्त कोणते, एवढीच चौकशी मी आयुष्यभर केली. माझे माहेर रत्नागिरी शहरातले, वडील पोस्टात. आमच्या घरी अंगारे-धुपारे तर नव्हतेच, पण लहान मुलाची दृष्टसुद्धा कुणी काढत नसे. लग्न होऊन गुहागरच्या बाजूला आले तेव्हा राखणदार, चकवा, पिंपळाखालची बाई अशा पुष्कळ गोष्टी कानांवर आल्या. मी त्या मन लावून ऐकल्या, त्यांतले जुने शब्द वहीत टिपून ठेवले... आणि विश्वास मात्र एकीवरही ठेवला नाही.

आजही ठेवते असे नाही. पण एक गोष्ट मी भरदिवसा, पूर्ण शुद्धीत, हातात लाल पेन धरून पाहिलेली आहे. तिच्यात माझी स्वतःची एक चूकही आहे. या सदरासाठी लिहायला बसले त्याचे कारण ती चूकच आहे, असे म्हटले तरी चालेल.

गोष्ट ऐंशीच्या दशकाच्या मध्यावरची. गुहागरहून अंजनवेलकडे जाताना रस्ता सोडून समुद्राच्या अंगाला उतरले की आमची वाडी लागते. घर जांभ्या दगडाचे, पडवी पश्चिमेला. पडवीसमोर सारवलेले खळे, खळ्याच्या कडेने अकरा पायऱ्या खाली, आणि तिथून पुढे थेट समुद्राच्या पुळणीपर्यंत माडा-पोफळींचे आगर. आगराच्या मधोमध विहीर, विहिरीच्या काठाला माडाच्या झापांनी शाकारलेली पंपाची खोपी. पडवीपासून खोपीपर्यंत ब्याऐंशी पावले होतात. ती मी नंतर मोजली. हा आकडा पुढे लागणार आहे.

घरात आम्ही तिघेच असू – माझे सासरे अण्णा, सासूबाई आणि मी. माझे यजमान मुंबईला नोकरीला, गणपतीला आणि शिमग्याला यायचे. धाकटे दीर विनायक, माझे विनूभाऊजी, मालवाहू बोटीवर इलेक्ट्रिशियन होते. वर्षातून एकदा यायचे. येताना साबणाच्या परदेशी वड्या आणायचे आणि घरभर चार दिवस तो अनोळखी वास दरवळायचा.

अण्णांविषयी थोडे सांगायला हवे. चाळीस वर्षे त्यांनी रहाटावर आगर शिंपले. रहाटाला काळू नावाचा रेडा होता. अण्णांनी ओल्या हाताने त्याच्या पाठीवर थाप द्यायची, 'पुरे रे आता' म्हणायचे, आणि मगच त्याने थांबायचे – असा त्या दोघांचा करार. पुढे काळू गेला, रहाट मोडला, विहिरीवर विजेचा पंप आला. थाप मात्र राहिली! शेवटच्या पोफळीच्या आळ्यात पाणी पोचले की अण्णा पाटातच हात धूत, अनवाणी पायांनी चिखल तुडवत खोपीत शिरत, चालत्या पंपाच्या अंगावर ओला तळवा ठेवत, 'पुरे रे आता' म्हणत आणि मग स्विच बंद करत. हे रोजचे. मला ते पाहायला फार आवडे. लोखंडाच्या त्या थरथरत्या अंगावर म्हाताऱ्या माणसाचा हात... त्यात काही भयंकर आहे हे माझ्या ध्यानातही आले नव्हते.

विनूभाऊजींच्या मात्र आले. एका सुट्टीत त्यांनी ते पाहिले आणि पाटावरून उडी मारून धावले.

"अण्णा, हात काढा तो!"

"का रे? चावतोय की काय?"

"चावत नाही, गिळतो! आमच्या बोटीवर एक जण असाच ओल्या हाताने पंपाला टेकला. मी होतो तिथे. सोडवता आला नाही आम्हाला."

अण्णा म्हणाले, "वाईट झालं. पण चालत्या जनावरालाच सांगायचं असतं, पुरे म्हणून. उभं राहिलेल्याला काय सांगायचं?"

"हे जनावर नाही, अण्णा."

"तुला ठाऊक."

बापाची सवय मोडायची नाही हे भाऊजींनी ओळखले. पुढच्या खेपेला साबणाच्या वड्यांबरोबर त्यांच्या पेटीतून एक फिकट राखी रंगाची वस्तू निघाली. मुठीएवढ्या आकाराची, समोर काळा खटका, शेजारी इवलेसे पांढरे बटण. तिचे नाव ईएलसीबी. आज नव्या घरांत ती सर्रास दिसते. तेव्हा आमच्या पंचक्रोशीत कुणी पाहिलेली नव्हती. भाऊजींनी ती पडवीतल्या लाकडी बोर्डावर, मीटर आणि मेन स्विचच्या शेजारी बसवली. गावातले वायरमन शांताराम मदतीला होते.

"वहिनी, नीट ऐका," भाऊजी मला म्हणाले, "हे मी तुमच्यावर सोपवून जातोय. एका तारेने वीज आत जाते, दुसऱ्या तारेने परत येते. जेवढी गेली तेवढीच परत यायला हवी. थोडी जरी कमी आली, तर ती कुठल्या तरी भलत्या वाटेने जमिनीत गेली असं समजायचं – भिंतीतून, पंपाच्या अंगातून, नाहीतर माणसातून. हे यंत्र जाणारी आणि येणारी, दोन्ही मोजत बसतं. फरक पडला की डोळा लवायच्या आत खटका खाली."

"मग फ्यूज कशाला असतो?"

"फ्यूज तारेला वाचवतो, वहिनी. माणसाला नाही."

अण्णा झोपाळ्यावरून ऐकत होते. "म्हणजे बोटीवरचा तांडेलच की तुझा हा! मचवा सुटताना माणसं मोजायची, किनाऱ्याला लागला की परत मोजायची."

त्या दिवसापासून यंत्राचे नाव तांडेल पडले. महिन्यातून एकदा पांढरे बटण दाबून पाहायचे, एवढे काम माझ्याकडे आले. बटण दाबले की खटका पडायचा – 'टक्'. अडकित्त्यात सुपारी फुटावी तसा कोरडा, नेमका आवाज. सासूबाईंना सुपारी कातरण्याची सवय, त्यामुळे त्या आवाजाशी तुलना मला शोधावी लागली नाही.

उन्हाळा सुरळीत गेला. पावसाळ्यात मात्र तांडेलाने घर डोक्यावर घेतले. आमच्याकडचा पावसाळा भिंतींच्या आत राहायला येतो. मीठ डब्यात पाझरते, पुस्तकांच्या पानांना मऊ, आंबूस वास येतो, लाकडी पट्ट्यांवरून गेलेल्या जुन्या तारांना घाम फुटतो. त्या घामातून थोडी थोडी वीज भिंतीत जिरत असणार. तांडेल ती पकडायचा. सकाळी टक्, दुपारी टक्, दिवेलागणीला टक्. खटका वर करावा तर पाच मिनिटांत पुन्हा खाली.

"घरातली सगळी वायरिंग बदलाया व्हयी," शांतारामांनी निदान केले, "मशीन खोटा बोलत नाय, वयनी." पण वायरिंग पावसात बदलता येत नव्हती आणि विनूभाऊजी समुद्रावर होते.

तशात गणपती आले. माझे यजमान आले, मुंबईची चार घरे जेवायला आली. पहिल्याच दिवशी आरतीच्या ऐन मध्यावर टक् – आणि मखरातल्या सगळ्या माळा विझल्या. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी पाहुण्यांतले एक काका म्हणाले, "विनूने बोटीवरनं दिवे घालवायचं यंत्र धाडलंन वाटतं!" सगळे हसले. सासूबाई हसल्या नाहीत. देवापुढे तीन वेळा अंधार झाला, हे त्यांच्या मनाला लागले होते.

विसर्जनानंतर त्या ग्रामदेवीच्या देवळात गेल्या आणि त्यांनी कौल लावला. ज्यांना ही रीत ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते – गुरव देवीच्या अंगावर डाव्या-उजव्या बाजूंना ओल्या पाकळ्या चिकटवतो आणि आपला प्रश्न देवीला ऐकवतो. उजवी पाकळी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. सासूबाईंचा प्रश्न साधा होता – हे यंत्र घरात ठेवावे का? त्यांना नकार हवा होता, हे उघड आहे. उजवी पाकळी पडली.

"ठेवा म्हणत्येय देवी," घरी येऊन त्या म्हणाल्या आणि पदराने कपाळ पुसत बसल्या.

आता माझी चूक. यजमान मुंबईला परतले होते, अण्णा आणि सासूबाई एका बारशाला गेलेले. पावसाची झड लागली होती. माझ्यापुढे सहामाहीच्या वह्या, आणि त्या सकाळी खटका सात वेळा पडलेला. मी शांतारामांना बोलावून घेतले.

"वयनी, तांडेल भिंतीवरनं काडायचा नसंल तर नको काडूया," ते म्हणाले, "पन याच्या तारा काडतो आनि मेन स्विचला डायरेक मारतो. ऱ्हाऊ दे भिंतीवर. देवीचा शब्द बी ऱ्हायला, दिवं बी ऱ्हायलं. विनूशेट आलं की परत जोडू."

"आणि पंपाचं काय?"

"पंपाला अर्थिंग हाय की. माझ्या हातचा हाय."

मी त्या काळ्या खटक्याकडे पाहिले. 'हे मी तुमच्यावर सोपवून जातोय' हे वाक्य मला आठवले नाही, असे म्हणणार नाही. आठवले. आणि तरीही मी म्हटले, "करा."

शांतारामांनी चारही तारा सोडवल्या, एकमेकींना जोडल्या, काळी पट्टी गुंडाळली. तांडेल भिंतीवर राहिला – रिकाम्या भोकांचा, खटका वर करून. अण्णांनी संध्याकाळी दिवे स्थिर जळताना पाहिले आणि एवढेच म्हणाले, "सुधारला वाटतं." मी वह्यांकडे वळले. विनूभाऊजींना निळ्या पत्रावर मी लिहिले, 'तांडेल ठीक आहे.' महिन्याचे बटण दाबणे अर्थातच थांबले. दिवाळीनंतर एका कुंभारीण माशीने तारांच्या त्या रिकाम्या भोकांत चिखलाची घरे बांधली, चारही भोके लिंपून टाकली. मी धूळ पुसताना ती पाहिली आणि राहू दिली. कुंभारणीचे घर मोडू नये म्हणतात.

भाऊजींची सुट्टी लांबली. माघ गेला, शिमगा गेला. चैत्र उतरणीला लागला, शाळा सकाळची झाली, आणि दुपारी पडवीत बसून मी वार्षिकचे पेपर तपासू लागले. उन्हाने खळे पांढरे पडलेले असे. आगराकडून पोफळीच्या फुलांचा गोड, जड वास यायचा आणि त्याच्या खालून पंपाचा एकसुरी घुमारा. चारच्या सुमाराला तो थांबला की अण्णांची थाप पडली असे समजायचे, आणि चहा टाकायला उठायचे. माझे घड्याळ तेच होते.

मग एका दुपारी मला 'टक्' ऐकू आले. सासूबाई सुपारी कातरताहेत असे वाटून मी मान वर केली नाही. लगेच पंप थांबला. मी चहाला उठले तर सासूबाई आत झोपलेल्या, अडकित्ता पानपुड्यात. बोर्डाकडे पाहिले. तांडेलाचा खटका खाली होता.

स्प्रिंग ढिली झाली असेल, असे वाटले. मी खटका वर केला. घट्ट बसला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा टक्, आणि पाठोपाठ पंप थांबला. खटका खाली. मी तो वर केला, बोटाने दोन-तीनदा खालीवर करून पाहिला. चांगला ताठ होता. मग चहाच्या वेळी अण्णा तळहात चोळत म्हणाले, "नलू, काल-आज हाताला मुंग्या येताहेत गो. पंपाला हात लावला की. म्हातारपण आलं."

मी कपबशी खाली ठेवली. "अण्णा, उद्या पंप लावू नका. शांतारामांना निरोप धाडते."

"धाड की. पण पोफळीला काय सांगू, उद्या उपास म्हणून? चैत्र आहे हा."

"निदान हात लावू नका त्याला."

"बरं," ते म्हणाले. अण्णांचा 'बरं' म्हणजे विषय संपला एवढाच अर्थ. शांतारामांचा निरोप आला – वेळणेश्वरला काम आहे, उद्या पाचपर्यंत येतो.

तिसऱ्या दिवशी मी जेवणानंतर लगेच पडवीत बसले, बोर्डाकडे तोंड करून. पेपर मांडीवर होते, पण एकही तपासला नाही. साडेतीन झाले. पंप घुमत होता. झोपाळ्याची कडी स्थिर होती, वारा पडलेला. एक पिवळा मुंगळा भिंतीवरून चढत मीटरच्या मागे गेला – इतके मी लक्ष देऊन पाहत होते. बोर्डाजवळ कुणी नव्हते. पाल नव्हती. मांजर माझ्या पायांशी झोपलेले.

आणि माझ्या डोळ्यांदेखत खटका पडला. टक्.

पंप चालूच होता.

आधीच्या दोन्ही दिवशी आवाजापाठोपाठ पंप थांबला होता. आज थांबला नाही. मी विचार केला असे म्हणता येणार नाही... मी उठले आणि मेन स्विचची लोखंडी मूठ दोन्ही हातांनी खाली ओढली. पेपर खळ्यापर्यंत उडाले. घुमारा विरला आणि एवढी शांतता झाली की समुद्र ऐकू आला.

"कोण गो ते?" खालून अण्णांचा आवाज, "कुणी बंद केलान?"

मी अकरा पायऱ्या आणि उरलेले आगर कसे ओलांडले ते ठाऊक नाही. अण्णा खोपीत उभे होते. घोट्यापर्यंत चिखल, कोपरापर्यंत ओले हात. उजवा तळवा पंपाच्या पाठीपासून वीतभर अंतरावर, हवेत तसाच धरलेला.

"अगो, थाप मारणार एवढ्यात हा आपणहून थांबला," ते नवलाने म्हणाले. "काळूसुद्धा असा कधी थांबला नाही."

मी त्यांचा हात धरून त्यांना खोपीबाहेर काढले. सुनेने सासऱ्याचा हात धरण्याची रीत आमच्याकडे नव्हती.

शांताराम पाच वाजता आले. सगळ्यांना खोपीपासून लांब उभे करून त्यांनी मेन स्विच लावायला सांगितला आणि रबरी चपलांवर उकिडवे बसून पंपाच्या अंगाला टेस्टर टेकवला. टेस्टर लालभडक पेटला. मग त्यांनी दोन तारा लावलेला बल्ब काढला, एक तार पंपाच्या अंगाला, दुसरी खोपीतल्या स्विचबोर्डाच्या न्यूट्रलला लावली. बल्ब घरातल्यासारखा लख्ख पेटला. भर उन्हात.

"बंद करा! बंद करा, वयनी!" ते ओरडले.

पंपाच्या आतल्या तारांचे आवरण जळून गेले होते. आणि शांतारामांच्या हातचे अर्थिंग... खाऱ्या हवेने पंपाच्या बोल्टापाशी ती तार खाऊन टाकली होती. वरून जागेवर दिसत होती. बोट लावताच हिरवट भुगा होऊन तुटली.

"पण मग फ्यूज का नाही उडाला?" मी विचारले.

शांतारामांनी तो भुगा बोटांत चुरडला. "उडंल कशानं? विजेला जमिनीत जायाला वाट पायजे ना. वाटच नव्हती." मग हळू आवाजात, अण्णांकडे न पाहता म्हणाले, "ती वाट आज अण्णा झालं असतं."

पडवीत आल्यावर त्यांनी मला विचारले, "तुमाला कसा कळला?"

मी तांडेलाकडे बोट दाखवले. खटका अजून खालीच होता. मी त्याला हात लावला नव्हता. शांतारामांनी स्क्रू काढून यंत्र भिंतीवरून उतरवले, उलटेसुलटे केले. चारही भोकांत कुंभारणीची माती, वाळून दगड झालेली, कुठे चीरसुद्धा नाही.

"वयनी, यात तार नाय."

"माहीत आहे."

"मीच काडलीय."

"तेही माहीत आहे."

"मंग ह्यो पडला कसा?"

"ते तुम्ही मला सांगायचं, शांताराम."

त्यांनी विडी पेटवली आणि ती न ओढताच बोटांत जळू दिली. सासूबाई उंबऱ्यात उभ्या राहून सगळे ऐकत होत्या. खटक्याच्या तारा काढल्या होत्या, हे त्यांना त्या क्षणी पहिल्यांदा कळले. "देवीने ठेवा सांगितलं होतं," एवढेच म्हणाल्या आणि आत गेल्या. त्या एका वाक्यात मला जे ऐकू आले ते कुणी रागावून बोलले असते तर सोपे गेले असते.

अशा कथांचा सराव असलेल्या वाचकांना एव्हाना वाटले असेल की त्या दिवशी तिकडे समुद्रावर विनूभाऊजींचे काही बरेवाईट झाले. तसे अजिबात नाही. भाऊजी सुखरूप आहेत, चिपळूणला राहतात आणि गोड वर्ज्य असताना चोरून खातात. त्या वर्षी ते पाऊस सुरू व्हायच्या आधी आले. मी त्यांना बसवून सगळे सांगितले – 'करा' म्हटल्यापासून.

ते म्हणाले, "वहिनी, तुम्ही मला लिहिलंत, ठीक आहे म्हणून."

"हो."

"मी तिकडे त्या भरवशावर झोपत होतो."

मी आत जाऊन तांडेल आणला आणि त्यांच्या हातात दिला.

मग त्यांच्यातला इलेक्ट्रिशियन जागा झाला. त्यांनी यंत्र तसेच, मातीसकट, बोर्डावर परत लावले, खटका वर केला आणि त्याला पाडण्याचा चंग बांधला. बोर्डावर मुठी मारल्या. आगर तोवर शेजाऱ्यांच्या पंपावर शिंपत होतो, तोच पंप पडवीच्या पायथ्याशी आणून चालवला. चार वाजताचे ऊन पडू दिले. रोज मी एका खुर्चीत, ते दुसऱ्या खुर्चीत, मध्ये चहा, आणि दोघांची नजर खटक्यावर. सव्वीस दिवस. तो एकदाही पडला नाही.

"याची एक गंमत आहे, वहिनी," ते एका दुपारी म्हणाले, "याला खटका पाडायला बाहेरची वीज लागत नाही. जी वाट चुकली, तिच्याच जोरावर हा पडतो. पण त्यासाठी तार याच्या पोटातून जायला हवी. इथे तर पोटात माती आहे."

"योगायोग म्हणता येईल?"

"एकदा पडला असता तर मी म्हटलं असतं."

शेवटी त्यांनी माती कोरून काढली, घराची वायरिंग बदलली, पंपाच्या जळालेल्या तारा नव्याने भरून आणल्या, अर्थिंगचा खड्डा नव्याने खणला आणि तांडेल रीतसर जोडला. बटण दाबले. टक्. यंत्र उत्तम होते. त्यानंतर ते पंधरा वर्षे आमच्या भिंतीवर राहिले. मी बटण दाबल्यावर पडायचे, खरोखर कुठे ओल धरली तर पडायचे. विनाकारण एकदाही नाही. शांतारामांनी मात्र त्यानंतर दुसऱ्या कुणाच्याही घरी कुठलेच यंत्र वगळून तारा जोडून दिल्या नाहीत. लोक चिडत. ते ऐकून घेत.

अण्णांना यातले काय आणि किती पटले, मी विचारले नाही. पण दुरुस्त पंप बसल्यावर पहिल्याच दिवशी ते शिंपणे आटोपून वर आले, अकरा पायऱ्या चढून, ओले पाय खळ्यावर उमटवत. पडवीत येऊन हात टॉवेलला कोरडे पुसले, मेन स्विच खाली ओढला, पंप थांबल्याची खात्री केली. आणि मग पुन्हा ब्याऐंशी पावले खाली चालत गेले. मी वरून पाहत होते. थांबलेल्या पंपाच्या पाठीवर त्यांनी तळवा ठेवला. ओठ हलले. काय म्हणाले ते सांगायला नकोच.

त्या दिवसानंतर ते रोज असेच करत राहिले, वयाच्या ऐंशीव्या वर्षापर्यंत. उभ्या राहिलेल्याला काय सांगायचे, हा त्यांचा जुना प्रश्न त्यांनी स्वतःपुरता कसा सोडवला ते त्यांनाच ठाऊक.

स्पष्टीकरण माझ्याकडे नाही. कुंभारणीची माती, चैत्राचे ऊन, स्प्रिंगचा थकवा, सासूबाईंची पाकळी – मी सगळे आलटून-पालटून पाहिले आहे आणि एकही शेवटपर्यंत टिकत नाही. फक्त एक गोष्ट आणखी सांगायची राहिली आहे.

अण्णा पुढे घरीच गेले, थकून, झोपेत, पहाटेच्या सुमाराला, सगळी माणसे भोवती असताना. घरात रडारड चाललेली, आणि मी, त्यांची मोठी सून, सगळ्यांची नजर चुकवून पडवीत गेले आणि बोर्डापुढे उभी राहिले. मला काय पाहायचे होते, कोण जाणे – अण्णा भलत्या वाटेने तर गेले नाहीत, एवढेच असेल.

खटका वर होता.